गोठ्याच्या दाराशी मानेओ

मानेओ आमच्या घरी धाकटी सून म्हणून आली, त्या दिवसापासून मी तिला ओळखते. माझे लग्न तिच्या आधी तीन वर्षे झाले होते, म्हणून मी थोरली जाऊ. नवरी आणि तिच्या सोबतिणी गावाबाहेरच्या खडकाजवळ येऊन बसल्या, तेव्हा सासूबाईंनी मला पत्र्याच्या मगात पाणी देऊन पाठवले. मला जायचे नव्हते. माझ्या वेळी कोणी पाणी आणले नव्हते. मी त्याच खडकाजवळ दुपारभर तहानलेली बसले होते. मी तो मग तिच्यापुढे धरला. तिने तो दोन्ही हातांनी घेतला, अर्धे पाणी प्यायली आणि उरलेले सोबतिणीला दिले. तिच्या पायांत काही नव्हते. टाचांना भेगा पडल्या होत्या. हिच्यात पाहण्यासारखे काही नाही, असे मी मनात म्हटले आणि मला बरे वाटले. ते बरे वाटणे संध्याकाळपर्यंत टिकले. संध्याकाळी तिला घरात घेण्यासाठी सासऱ्यांनी पांढरा, लठ्ठ मेंढा कापला. माझ्यासाठी दात पडलेली म्हातारी मेंढी कापली होती.

दुसऱ्या दिवशी सासूबाईंनी तिला नाव दिले. आमच्यात सुनेला जे नाव मिळते ते पुढे होणाऱ्या मुलाच्या आईचे असते. मला मालेफा हे नाव मिळाले होते. लेफा म्हणजे वारसा, आणि मी लेफाची आई. मला तीन मुली झाल्या, लेफा झाला नाही. आज मी अडुसष्ट वर्षांची आहे आणि सगळे मला अजून लेफाची आईच म्हणतात. धाकटीला मानेओ हे नाव मिळाले. नेओ म्हणजे देणगी. नेओ वर्षाच्या आत जन्मला, आणि जन्मला तो मुलगाच.

मानेओ कमी बोलत असे आणि काही विसरत नसे. दुकान त्या वेळी घोड्यावरून चार तासांवर होते. आणायच्या वस्तू सासूबाई एकदाच सांगत. मी गेले की दोन वस्तू विसरून येई. ती गेली की एकही विसरत नसे, वर कोणाकडे काय महाग झाले तेही सांगे. इस्टरच्या आधी आम्ही घरांच्या भिंती शेणामातीने लिंपतो आणि ओल्या लेपावर बोटांनी नक्षी काढतो. मी दोरी धरून, माप घेऊन रेघा ओढत असे. ती हातात येईल तसे काढी, आणि डोंगरापलीकडून येणारी माणसे तिच्या भिंतीपाशी घोडा थांबवीत. सासूबाई एकदा दोन्ही भिंतींकडे बराच वेळ बघत राहिल्या.

"मालेफा, तुझ्या रेघा सरळ आहेत," त्या म्हणाल्या.

"होय, आई."

"कैदी रांगेत उभे केल्यासारख्या."

त्या हसल्या, मानेओ हसली नाही. ती हसली असती तर मला तिच्यावर रागावता आले असते.

आमचे दोघींचे नवरे दक्षिणेकडच्या खाणींत कामाला होते. माझा नवरा खाणीतच गेला आणि पेटीत बंद होऊन घरी आला. त्याचा चेहरा मला पाहता आला नाही. तिच्या नवऱ्याच्या छातीत धूळ बसली होती. तो घरी परत आला, आठ महिने अंथरुणावर होता आणि तिच्या मांडीवर डोके ठेवून गेला. याचाही मला हेवा वाटला आहे. हे लिहिताना मला लाज वाटते, परंतु ते खरे आहे.

मी एकसष्टाव्या वर्षी वाचायला शिकले. देवळाच्या शाळेच्या खोलीत दुपारी मोठ्या माणसांचा वर्ग भरत असे. पहिल्या आठवड्यात मानेओही आली होती. मागे बसली, दोन अक्षरे गिरवली. तेवढ्यात तिची शेळी व्यायला झाल्याचा निरोप आला म्हणून ती उठून गेली, ती परत आलीच नाही. मी तिला पुन्हा ये म्हटले नाही. माझ्याजवळ आहे आणि तिच्याजवळ नाही, असे काहीतरी आयुष्यात प्रथमच झाले होते.

दोन हिवाळ्यांपूर्वी राजधानीहून, मासेरूहून, सिनेमावाले आले. त्यांच्या गाड्या नदीच्या उतारापर्यंत आल्या, पुढे सामान आमच्या घोड्यांवरून आले. त्यांची प्रमुख एक बाई होती, मोरोंगोए नावाची, तीस-पस्तीस वर्षांची. आमचे धाकटे दीर, रांत्शो भावोजी, सासऱ्यांच्या पश्चात घराचे आणि गुरांचे कर्ते आहेत. ते न्याय करायच्या जागी इतर म्हाताऱ्यांबरोबर बसून सगळे पाहत होते.

"त्यांची मोठी कोण? ती पँटवाली?" त्यांनी विचारले.

"तीच," शेजारचे न्ताते सेखोबे म्हणाले; वडीलधाऱ्या पुरुषाला आम्ही न्ताते म्हणतो.

"लग्न झालंय का तिचं?"

"सिनेमाशी झालंय म्हणते."

"मग नवरा चांगला आहे. एका दिवसात माझे चार घोडे भाड्यानं घेतले त्यानं."

मोरोंगोएने सर्वांना गोष्ट सांगितली. डोंगरातले एक गाव आहे. तिथले पुरुष खाणींत गेले, काही मेले, काही परतलेच नाहीत. एका म्हाताऱ्या विधवेच्या घरची गुरे तिच्या दिराला विकून टाकायची आहेत आणि ती विकू देत नाही. ही विधवा गावातलीच कोणी व्हावी, शहरातली नटी नको, असे ती म्हणाली. दुसऱ्या दिवशी आम्हा म्हाताऱ्या बायकांना एकेक करून कॅमेऱ्यापुढे बसायला सांगितले.

मी शोएशोए कापडाचा निळा झगा घातला. तो मी माझ्या मुलीच्या लग्नानंतर घातला नव्हता. माझी निवड होईल याविषयी मला शंका नव्हती. विधवेला पुष्कळ बोलायचे होते, ते कागदावर लिहिलेले होते, आणि आमच्या वयाच्या बायकांत कागद वाचणारी मी एकटी होते. मोरोंगोएने एकच प्रश्न विचारला: या गावात सून म्हणून कशा आलात? मी सर्व क्रमाने सांगितले. कोणत्या महिन्यात मागणी आली, कोण कोण बोलायला आले, वाटेत कुठे थांबलो, काय खाल्ले. मी एकही गोष्ट सोडली नाही. मध्येच कॅमेऱ्याच्या मुलाने बॅटरी बदलली.

माझ्यानंतर मानेओ बसली. कपाळाला भुशाचा डाग लागलेला होता, कारण ती ज्वारी पाखडता पाखडता उठून आली होती.

"मी चालत आले," ती म्हणाली. "पायांत काही नव्हतं. या ताईनं मला पाणी दिलं."

एवढेच बोलून ती माझ्याकडे बघत राहिली. कॅमेऱ्याचा मुलगाही बघत राहिला. मोरोंगोएने हात तोंडावर ठेवला होता. मला तेव्हाच कळले. मी दिलेल्या पाण्यावर तिची निवड झाली, आणि ते पाणी मी मनाविरुद्ध दिले होते.

संध्याकाळी मोरोंगोए माझ्या दारी आली आणि आईला मारावी तशी म्मे म्हणून हाक मारली. "म्मे मालेफा, तुम्ही फार छान सांगितलंत," ती म्हणाली, आणि पुढचे मला ठाऊक होते. "एक मदत कराल का? म्मे मानेओंना वाचता येत नाही. तुम्ही रोज त्यांना त्यांची पानं वाचून दाखवाल? तुमच्यासारखं स्वच्छ वाचणारं इथं दुसरं कोणी नाही."

मी होय म्हटले. अशा वेळी नाही म्हणायला जे धैर्य लागते ते माझ्यात नव्हते.

म्हणून आम्ही रोज दुपारी माझ्या घरामागच्या भिंतीला टेकून उन्हात बसू लागलो. ती वाळलेल्या घेवड्याच्या शेंगा सोली आणि मी वाची. एकदा ऐकले की तिला येत असे. मला तेच वाक्य तीनदा वाचूनही पाठ होत नसे, पण मी ते तिला कळू दिले नाही. तिच्या मागे मीही रोज घरी पाठ करीत असे.

"'मी विकणार नाही,' असं म्हणते ती," मी वाचले.

"मी विकणार नाही. कोणाला म्हणते?"

"दिराला."

"दिराला? तोंडावर?"

"कागदावर म्हणते."

"कागदाला काय जातंय. रांत्शो भावोजी समोर बसले असले तर मला नुसता खोकला येईल."

"तुझा सिनेमातला दीर मासेरूचा आहे. पगारी आहे."

"मग म्हणीन. पगारी दिराला काहीही म्हणता येईल." तिने मूठभर दाणे टोपलीत टाकले. "ताई, खरं म्हणजे तूच असायला हवी होतीस. तुला सगळं येतं."

"मला निवडलं नाही त्यांनी."

"त्यांना दिसलं नसेल."

हे ती माझे मन राखायला म्हणाली की टोमणा मारला, ते मला आजही उमगलेले नाही. मी ते दोन्ही अर्थांनी पुष्कळदा मनात म्हणून पाहिले आहे.

तीन आठवडे चित्रण चालले होते. गावातले सगळे मानेओविषयी बोलत. तिच्या घरी लोक ज्वारीची बिअर प्यायला जास्त येऊ लागले. देवळातल्या बायका, ज्या पूर्वी प्रार्थनेच्या वेळी माझ्या शेजारी बसत, तिच्या शेजारी बसू लागल्या. मी त्यांच्यासाठी भजनाचे पुस्तक उघडून पान काढून देत असे, तेवढ्यापुरत्या त्या माझ्याकडे वळत.

मग शेवटचे पान आले. मोरोंगोएने ते मला दुपारीच दिले आणि ती घाईने निघून गेली. मी ते एकटीने वाचले. त्यात लिहिले होते की विधवा सासऱ्यांच्या गोठ्याच्या तोंडावरच्या आडव्या लाकडी बल्ल्या काढते, आत जाते, गुरांच्या मध्ये उभी राहते आणि म्हणते, "ही गुरं आता मी राखीन."

सिनेमात जो गोठा दाखवायचा होता तो आमचाच होता. दगड रचून केलेला, उघडा गोठा, आणि त्याच्या भिंतीलगत आमचे सासरे पुरलेले आहेत. इतर गावांत सुना म्हाताऱ्या झाल्या की गोठ्यात जातात असे मी ऐकले आहे. आमच्या घरात जात नाहीत. आमच्या घरात सून म्हातारी झाली तरी सूनच. मी आणि मानेओ चाळीसहून जास्त वर्षे दुधाची बादली भिंतीवरून हातात घेत आलो होतो. चुलीसाठीचे शेणही भावोजी आतून बाहेर टाकत आणि आम्ही उचलत असू. मोरोंगोएने भावोजींना एवढेच विचारले होते की गोठा आणि गुरे सिनेमात दाखवू का, आणि त्यांनी होय म्हटले होते. सून आत जाईल हे तिने सांगितले नाही, कारण ते सांगावे लागते हे तिला ठाऊकच नव्हते. ती शहरात वाढली होती आणि तिच्या सासऱ्यांना गुरे नव्हती, किंवा तिला सासरेच नव्हते.

मी ते पान वाचले आणि माझ्या मनात पुढचे सगळे एकदम तयार झाले. मानेओला आज सांगितले तर ती आजच भावोजींकडे जाईल, मग मोरोंगोए काहीतरी दुसरे लिहील. पण सांगितलेच नाही तर ती त्या दिवशी सर्वांसमोर दाराशी अडेल. सिनेमावाल्यांची निघायची तारीख ठरलेली होती, वर बर्फाचे ढग दिसत होते. त्यांना कोणीतरी लागेल. शब्द येणारी दुसरी बाई मी एकटी. मी मनात कितीदा त्या बल्ल्या काढल्या आणि आत गेले, ते मोजता येणार नाही. प्रत्यक्षात एकदाही दाराजवळ गेले नाही. मी पान घडी घालून पिठाच्या पोत्याखाली ठेवले.

दुसऱ्या दुपारी मानेओने विचारले, "ताई, या बाईचं शेवटी होतं काय?"

"ते पान अजून आलं नाही."

"उशीर केला त्यांनी."

"शहरातली माणसं आहेत."

तिने मान हलवली. त्यानंतरच्या दोन दिवसांत तिने आणखी दोनदा विचारले, आणि मी तेच उत्तर दिले. तिसऱ्या वेळी तिने शेंग सोलणे थांबवून माझ्याकडे पाहिले. मी दुसरीकडे पाहिले.

चित्रणाच्या शेवटच्या सकाळी सगळे गाव उतारावर येऊन बसले होते. गुरे नेहमीची वेळ होऊन गेली तरी गोठ्यातच अडवून ठेवली होती आणि हंबरत होती. मानेओला काळे ब्लँकेट पांघरायला दिले होते.

"पानावर आहे तसंच, म्मे मानेओ," मोरोंगोए म्हणाली. "बल्ल्या काढायच्या, आत जायचं, मध्ये उभं राहून वाक्य म्हणायचं."

"आत कुठं?"

"गोठ्यात."

मानेओने भावोजींकडे पाहिले. न्याय करायच्या जागेवरून भावोजी उठले आणि काठी टेकत आले.

"आत कोण जाणार म्हणालीस?"

"म्मे मानेओ, न्ताते. गोष्टीत तसं आहे."

"माझ्या बापाच्या गोठ्यात सून जाणार?"

"ही गोष्ट आहे, न्ताते. खरं नाही."

"गाई गोष्टीतल्या आहेत का?" भावोजींनी काठीने भिंतीलगतच्या थडग्याच्या दगडांकडे दाखवले. "आणि तो गोष्टीतला आहे का?"

मोरोंगोए गोंधळली. "पण हे पान तर म्मे मालेफांकडे पाच दिवसांपासून आहे. मला वाटलं, काही अडचण असती तर कोणीतरी बोललं असतं."

सर्वांनी माझ्याकडे पाहिले. मानेओनेही पाहिले. तिने तोंड उघडले, तेव्हा मी ब्लँकेटच्या आत हात घट्ट धरले.

"पान वाचलं होतं ताईनं," मानेओ म्हणाली. "मीच विसरले."

मानेओ काही विसरत नाही हे त्या उतारावर बसलेल्या लहान मुलांनाही ठाऊक होते.

मग ती मोरोंगोएला म्हणाली, "ताईला सगळे शब्द येतात. माझ्यापेक्षा नीट येतात. तिला विचारा, ती जाते का."

मोरोंगोएच्या चेहऱ्यावर आशा आली. भावोजी म्हणाले, "हीही सूनच आहे." नंतर त्यांनी ढगांकडे पाहिले, सामान लादलेल्या घोड्यांकडे पाहिले आणि सुस्कारा सोडला. "मी कोणाचा हात धरणार नाही. ज्या सुनेला जायचंय तिनं जावं. मी बघणार नाही." ते पाठ फिरवून उभे राहिले आणि त्यांनी ब्लँकेट कानांपर्यंत ओढले.

मला जे हवे होते ते सर्वांसमोर माझ्या हातात दिले गेले होते, आणि ते तिने दिले होते. मी चालत गोठ्याच्या तोंडाशी गेले. वरच्या बल्लीवर हात ठेवला. ती गार होती आणि गुरांच्या अंगाने घासून गुळगुळीत झाली होती. डाव्या बाजूला सासऱ्यांचे दगड होते. माझ्या ध्यानीमनी नसताना माझ्या दुसऱ्या हाताने ब्लँकेट वर ओढून खांदे झाकले, जसे ते जिवंत असताना त्यांच्यासमोर आले की झाकत असे. खांदे झाकल्यावर मला पाऊल उचलता येईना. ज्यांच्यापुढे मी खांदे झाकले, त्यांच्या जागेत पाय कसा ठेवू? मला वाक्यही आठवेना. मी किती वेळ तशी उभी होते ते मला माहीत नाही. मागून न्ताते सेखोबे कोणाला तरी म्हणाले, "बर्फ पडेपर्यंत होईल का?" आणि काहीजण हसले.

मानेओ माझ्या शेजारी येऊन उभी राहिली. तिने माझा हात बल्लीवरून काढला. ओढून नाही, एखाद्या भांड्यावरून काढावा तसा. मग तिने वरची बल्ली काढून खाली ठेवली, दुसरी ठेवली, तिसरी ठेवली. ती आत गेली नाही. एका बाजूला सरकली. गुरांची वेळ केव्हाच होऊन गेली होती. लाल गाय पुढे आली, थांबली, आणि बाहेर आली. तिच्यामागून बाकीची आली. आमच्या दोघींच्या मधून आणि दोन्ही बाजूंनी ती जात होती आणि धूळ उडत होती.

"ही गुरं आता मी राखीन," मानेओ म्हणाली. आवाज मोठा नव्हता. ती त्यांच्यामागून पाण्याच्या वाटेने उतरून गेली. आमच्याकडे बायका गुरांमागे जात नाहीत, परंतु त्यासाठी कोणत्याही गोठ्यात पाऊल टाकावे लागत नाही.

खुरांचा आवाज ऐकून भावोजींनी वळून पाहिले. "माझी गुरं कुठं चालली?"

"पाण्यावर, न्ताते," मोरोंगोए म्हणाली.

"परत आण म्हणावं तिला. सिनेमात ठेवून येऊ नको."

कॅमेऱ्याच्या मुलाने मी दाराशी गेल्यापासून सगळे चित्रित केले होते. कोणी त्याला थांबायला सांगितले नव्हते. मोरोंगोएने मला रागावून काही म्हटले नाही, फक्त पान मागितले. मी घरी जाऊन पिठाच्या पोत्याखालून ते काढून आणले. त्याला पीठ लागले होते. तिने ते झटकले, घडी घातली आणि खिशात ठेवले.

मानेओ मला बोलेल म्हणून मी पुष्कळ दिवस वाट पाहिली. मी उत्तरेही तयार केली होती. ती बोलली नाही. नेहमीप्रमाणे शनिवारी तिने ज्वारीची बिअर केली आणि पहिले भांडे माझ्याकडे पाठवले. ती भांडली असती तर आम्ही बरोबरीच्या झालो असतो. त्यामुळे तिच्याविषयीचा माझा हेवा कमी झाला नाही, उलट वाढला. गोठ्याच्या दारातही तिला माझ्याआधी वाट सापडली, तेही पान न वाचता.

पुढच्या वर्षी सिनेमावाल्यांनी शाळेच्या खोलीत पांढरी चादर टांगून सिनेमा दाखवला. शेवटी मी होते. काळ्या ढगांखाली एक बाई गोठ्याच्या तोंडाशी उभी आहे, तिने खांद्यांवरून ब्लँकेट ओढले आहे, आणि ती हलत नाही. मग मानेओ येते. मला वाटले होते की ते कापले असेल. खोलीतली मुले मान वळवून माझ्याकडे पाहत होती.

"नखोनो, तूच होतीस ती," भावोजींची नात मला म्हणाली; मुले मला नखोनो, म्हणजे आजी, म्हणतात. "तिला आत जाऊ न देणारी."

"होय, मीच."

"फार दुष्ट दिसलीस. सगळ्यांत छान तूच केलंस."

मानेओ पुढच्या बाकावर बसली होती. तिने मागे वळून पाहिले नाही, पण तिचे खांदे हलत होते, म्हणजे ती हसत होती. मी तिला हसताना इतक्या वर्षांत क्वचितच पाहिले आहे. शहरातल्या लोकांना मी तिची वाट अडवणारी जाऊ वाटले असेन, तर ते चुकलेले नाहीत.

गेल्या वसंतात तिच्या नावाने मोरोंगोएचे जाड पत्र आले. मानेओच्या घरी सातवीत शिकणारी नात आहे. ती माझ्यापेक्षा भरभर वाचते. तरीही मानेओ ते पाकीट न फोडता माझ्याकडे घेऊन आली. आम्ही घरामागच्या भिंतीला टेकून बसलो. मी पाकीट फोडले. आत तीन कागद होते. मी पहिला उलगडला आणि चष्मा लावला.

"ताई," ती म्हणाली, "सगळं वाच."